भोईरकाका आणि भज्यांची वर्दी

आमच्या मजल्यावरचे भोईरकाका बोलणं संपलं की ‘ओव्हर’ म्हणतात. भाजीवालीला म्हणतात, डॉक्टरांना म्हणतात, देवालासुद्धा म्हणतात. आरती झाली की हात जोडून, “सगळ्यांना सुखी ठेव, ओव्हर,” आणि मग तिथेच उभे. काकू मागून ओढतात, “अहो, सरका बाजूला, प्रसाद वाटायचाय.”

“थांब गं, उत्तर येऊ दे.”

काका एका सरकारी सुरक्षा दलात हवालदार. कारखान्याच्या गेटवरचा वायरलेस सेट त्यांच्या ताब्यात. एकवीस वर्षांत एक डाग नाही. आणि एका दुपारी त्यांनी सगळ्या चौक्यांना वर्दी दिली, “कँटीनला कांदाभजी आली. गरम आहेत. ओव्हर.” त्यावर कुठूनतरी उत्तर आलं, “दोन प्लेट ठेव!” आणि पाठोपाठ मोठ्ठं हसणं.

नेमके साहेब ऐकत होते.

चौकशी बसली. “उत्तर कोणी दिलं?” साहेबांनी चारदा विचारलं. काका चारही वेळा म्हणाले, “सेट खरखरत होता, साहेब. आवाज ओळखला नाही.” साहेब भडकले. काकांना थेट नोकरीतून काढलं. भज्यांपायी!

आंबिवली स्टेशनजवळ माझं झेरॉक्स-टायपिंगचं दुकान आहे. अपील माझ्याकडेच टाइप झालं. काका खुर्ची ओढून सांगायला बसले.

“लिही, भजी गरम होती.”

“काका, त्याचा काय संबंध?”

“गार भज्यांसाठी मी सरकारी सेट वापरला असता का? लिही!”

अपील फेटाळलं गेलं. मग काकांनी नौपाड्यातल्या एक वकीलबाई गाठल्या. मीही सोबत गेलेलो. बाई फाइल वाचता वाचता इतक्या हसल्या की चष्मा काढून डोळे पुसावे लागले. मग म्हणाल्या, “चूक केली हे आधी कबूल करा. शिक्षा फार मोठी आहे, एवढ्यावरच भांडू.” गरम भज्यांची ओळ मात्र त्यांनी खोडली. काका आठवडाभर रुसले होते.

केस अडीच वर्षं चालली. काका रोज सकाळी ड्युटीचे बूट पॉलिश करून दारात ठेवायचे. काकू म्हणायच्या, “घालण्याआधी पॉलिशनेच झिजतील ते.”

शेवटी कोर्टाने सांगितलं, गैरवर्तन झालं हे खरं, पण त्यासाठी माणसाची नोकरी घेणं अती झालं. कामावर परत घ्या, हलकी शिक्षा द्या. एक वेतनवाढ थांबली. “एवढी व्हायलाच पाहिजे होती,” म्हणत काकांनी अख्ख्या बिल्डिंगला जिलेबी वाटली.

संध्याकाळी गॅलरीत मी विचारलं, “काका, आवाज खरंच ओळखला नव्हता?”

काकांनी घराकडे एकदा बघितलं आणि आवाज खाली आणला. “मागच्या टॉवरवरचा गडी होता. त्याची बायको गेलेली रे. तेरावं झालं नि ड्युटीवर आला. दीड महिना सेटवर ‘सब ठीक’ सोडून शब्द नाही. त्याला बोलतं करता करता आम्ही सगळे थकलो. त्या दिवशी पहिल्यांदा हसला.”

“मग नाव सांगायचं ना! तुमची नोकरी वाचली असती.”

“आणि त्याची? दोन लहान पोरी आहेत त्याला.”

“आता कसा आहे तो?”

काकांनी कपाळाला हात लावला. “थांबतच नाही! काल फोनवर पाऊण तास पोरींच्या वेण्या कशा घालायच्या ते सांगत होता. मला! आमच्या घरी कोणाच्या वेण्या घालायच्यात?”

मग त्यांनी कठड्यावरून वाकून खाली खेळणाऱ्या मुलांकडे बघितलं.

“चारपदरी जमते आता त्याला,” म्हणाले.