म्हस्केमामांना शेजारचा चहा लागतो

म्हस्केमामा कुलूप उघडायला आले की आधी चहा मागतात. यात नवल काही नाही, आपल्याकडं चहा कोण मागत नाही? पण मामांना चहा लागतो तो शेजाऱ्याचा. घर तुमचं, कुलूप तुमचं, बाहेर अडकलात तुम्ही, आणि चहा मात्र शेजारच्या घरातून यायला हवा. तो कप हातात पडेपर्यंत मामा अवजारांची पेटी उघडत नाहीत. पेटीवर बसून राहतात.

तुम्ही म्हणाल, हा काय हट्ट! मीही म्हटलं होतं. चांगलं ओरडून म्हटलं होतं. कारण त्या वेळी मी गाऊनवर, हातात कचऱ्याची रिकामी बादली घेऊन स्वतःच्याच दाराबाहेर उभी होते.

झालं असं की सकाळी घंटागाडी आली. शहराच्या टोकाला आमच्या सातारा परिसरात घंटागाडी कुणासाठी थांबत नाही, गाणं वाजवत वाजवत निघून जाते. मी दुधाखालचा गॅस बारीक केला आणि बादली घेऊन धावले. परत आले तर वाऱ्यानं दार लागलेलं. लॅचचं दार, ओढलं की बंद. चावी आत, मोबाइल आत, दूध आत. नवरा शेंद्र्याला पहिल्या पाळीला, आणि त्यांच्या कंपनीत गेटवरच मोबाइल जमा करून घेतात. बिल्डिंगमध्ये राहायला येऊन आम्हाला वर्षही झालं नव्हतं. वॉचमननं जिन्यातल्या भिंतीवर लिहिलेला किल्लीवाल्याचा नंबर लावला आणि फटफट करत एक जुनी लुना आली. लुनावर एक म्हातारे गृहस्थ, पायात पेटी, आणि भर उन्हाळ्यात डोक्याला कानटोपी.

"हे घर तुमचंच हाय कशावरून?" मामांचा पहिला प्रश्न.

"अहो, म्हणजे काय? मी राहते इथं!"

"आसं समदेच म्हंत्यात."

"आधार कार्ड आत आहे. दार उघडा, दाखवते."

"आधार कारड नगं. माझ्या कारडावरचा फोटू मी बगितलाय. मलाच मी वळखू येत नाय. माणूस बोलवा."

वॉचमन पुढं झाला. "मी सांगतो ना मामा, मॅडम तीनशे दोनच्या हायेत."

"नाव काय त्यांचं?"

वॉचमननं माझ्याकडं पाहिलं. मी त्याच्याकडं पाहिलं. "तीनशे दोन," तो परत म्हणाला.

"तीनशे दोन हे काय नाव हाय व्हय?" मामा पेटीवर बसले. "शेजारी बोलवा. शेजाऱ्यानं नाव सांगायचं आन त्याच्या घरचा च्या आणायचा. ज्याच्यासाठी शेजारी च्या ठेवतो, त्याचं घर खरं."

"अहो मामा, दूध जळेल माझं!"

"पातेलं जळालं तर घासता येतं, ताई. दुसऱ्याचं घर उघडून दिलं तर ते कशानं घासू?"

आता शेजार म्हणजे तीनशे एक, म्हणजे वाघमारे काकू. आणि वाघमारे काकूंशी माझं चपलांच्या स्टँडवरून कडाक्याचं भांडण झालेलं. स्टँड त्यांच्या दाराकडं सरकतो असं त्यांचं म्हणणं. मी म्हटलं, सरकत नाही. ते प्रकरण इतकं वाढलं की आम्ही लिफ्टमध्येसुद्धा एकमेकींकडं पाठ करून उभ्या राहायचो. पण करते काय? बादली खाली ठेवली आणि बेल दाबली.

काकू बाहेर आल्या. मला नखशिखांत पाहिलं. गाऊन पाहिला, बादली पाहिली. मग मामांना म्हणाल्या, "हो, हीच ती. स्वाती. हिचाच स्टँड माझ्या दारात येतो. शंभरदा सांगितलं, ऐकेल तर शपथ."

मला वाटलं, मेले. पण मामांचा चेहरा खुलला. "बास! भांडान हाय म्हंजे पक्की वळख हाय. गोड बोलायला कुनीबी येतं. च्या टाका, बाई."

आणि काकूंनी खरंच चहा ठेवला हो! कुरकुरत, पण ठेवला. मामांना दिला, वॉचमनला दिला, आणि मग तोंड दुसरीकडं करून मलाही दिला. मामांनी फुर्र करून पहिला घोट घेतला आणि परीक्षा सुरू केली.

"दार उघडल्यावर डाव्या हाताला काय हाय?"

सांगायला गेले आणि मला आठवेचना. रोज त्या दारातून ये-जा करते मी! "बेसिन... नाही नाही, फ्रीज. थांबा हं."

"कॅलेंडर आहे गं डावीकडं," काकूच म्हणाल्या. "दार उघडं असलं की दिसतं मला. मागचा महिना अजून उलटला नाहीस."

"आता शेवटचा सवाल," मामा उठले. "आत कुनी हाय का?"

"नाही हो, कुणी नाही."

तेवढ्यावर त्यांचा विश्वास बसेना. त्यांनी दाराला कान लावला, तीनदा टकटक केली आणि खणखणीत हाक मारली, "ओ, घरात कुनी हाय का?" मग डोळे मिटून नुसते उभे. आत फक्त दुधाचा चरचराट. "माणूस आत आसंल तर ते काम आपलं नाय," मला म्हणाले. "तितं किल्ली कशाला? तितं हाक मारायची आन वाट बगायची."

मग एक बारीक तार काढली, मान तिरकी केली, खटकन आवाज झाला. मामांनी दार दोन बोटं उघडलं आणि लगेच दाराकडं पाठ करून जिन्याकडं तोंड करून उभे राहिले. लोकांचं घर आपण बघायचं नाही, असा त्यांचा कायदा. मी आत धावले. पातेलं कोळशासारखं झालेलं. ते पाहून मला रडूच फुटलं. बाहेरून पाठमोरेच मामा ओरडले, "आदी गॅस बंद करा, मंग खिडकी उघडा, मंग रडा!"

त्या दिवसापासून माझं आणि वाघमारे काकूंचं गूळपीठ जमलं. स्टँडचं भांडण चालूच आहे, पण ते आता चहा पिता पिता चालतं. आणि मामांचीही ओळख वाढली. उस्मानपुऱ्यात एका रसवंतीशेजारी छत्री लावून ते किल्ल्या करत बसतात. मी बाजारात गेले की तिथं थांबते, कारण मामांच्या हकिकती ऐकायला मला भारी आवडतं.

गारखेड्यातल्या एका बंगलेवाल्याची गोष्ट ते रंगवून सांगतात. गाडी मोठी, गेट मोठं, पण आजूबाजूला त्याला ओळखणारं कुत्रं नाही. साहेब फोनवर फोन लावतायत, कुणाकुणाला मामांशी बोलायला सांगतायत, मामा आपले पेटीवर. शेवटी गल्लीत भाजीवाली आली. तिला विचारलं, यांना ओळखतेस का? ती म्हणाली, "न वळखायला काय झालं? हेच की फुकटची कोथिंबीर मागणारे!" मामांनी तिच्याच हातानं टपरीवरचा चहा मागवला आणि कुलूप उघडून दिलं. साहेब इतके लाजले की आता कोथिंबीर विकत घेतात म्हणे.

आणि एक ते नवराबायकोचं. नवऱ्यानं मामांना बोलावलं, लॅच बिघडलाय म्हणाला. शेजारणीनं चहा दिला, साक्ष दिली, सगळं झालं. मामांनी दाराला कान लावून हाक मारली तर आतून नाक ओढल्याचा आवाज. झालं! मामांनी पेटी बंद केली. "लॅच बिघडला नाय, साहेब. तुमचं बिघडलंय. हाक मारा आन गप उभं ऱ्हावा." आणि निघून नाही गेले हं. बाई दार उघडीपर्यंत त्या माणसाबरोबर पायरीवर बसून राहिले. बिचाऱ्याला हाक कशी मारायची तेही शिकवलं म्हणे, कारण तो आधी बायकोला आडनावानं हाका मारत होता.

मी एकदा गमतीनं विचारलं, "मामा, तुमच्या स्वतःच्या घराला कुलूप कोणतं हो? भारीतलं असेल!"

मामा कानटोपी सरकवून हसले. "आमच्या घराला माणूस हाय, ताई. सारी हयात लोकांच्या किल्ल्या केल्या, पण सोताच्या घराची किल्ली कदी खिशात घातली नाय. दार वाजवलं की सुमन उघडती." गल्लीत नवे लोक यायला लागले तेव्हा सुमनमामींनी हट्टानं दाराला लॅच बसवून घेतला होता. त्याच्या किल्ल्या कुठल्या डब्यात आहेत, हेही मामांना माहीत नव्हतं. सांगताना त्यांना त्याचा काय अभिमान!

दिवाळी झाली आणि मामांची छत्री दिसेनाशी झाली. रसवंतीवाला म्हणाला, मामी गेल्या. तापाचं निमित्त झालं. मूलबाळ नव्हतं. मी भेटायला जायचं जायचं म्हणत राहिले आणि तेवढ्यात मामा परत येऊन बसले. कानटोपी तीच, लुना तीच. मी काहीतरी बोलायला गेले तर म्हणाले, "काय नाय ताई, चालायचंच," आणि एका गोदरेजच्या कपाटाच्या किल्लीला कानस मारायला लागले. 

त्यानंतर थोड्याच दिवसांनी दुपारी त्यांचा फोन आला.

"ताई, कामात हाय का? नाय, काय घाई नाय. जरा साक्ष लागत व्हती."

"कुणाची हो मामा?"

"माझी."

ते मुकुंदवाडीत राहतात. मी काकूंना सांगितलं तर त्यांनी विचारायच्या आत चहा टाकला, थर्मासात भरला, वर बजावलं, "सांडू नकोस, रस्ता खराब आहे." मी स्कूटी काढली.

गल्लीत मामा स्वतःच्या दारासमोर पेटीवर बसले होते. दार बंद. समोरच्या खोल्यांमध्ये आता कंपनीतली पोरं भाड्यानं राहतात, रात्रपाळी करून दुपारी झोपतात. जुने शेजारी घरं विकून कुणी बिडकीनकडं गेले, कुणी फुलंब्रीला, मुलांकडं. मामांनी साक्षीसाठी समोरचं दार वाजवलं होतं. एक पोरगा डोळे चोळत बाहेर आला आणि म्हणाला, "किसको ढूंढ रहे हो, अंकल?"

"मला इचारलं त्यानं, ताई. ह्या गल्लीत."

"पण मामा, हे झालं कसं?"

"आजवर सुमनची भैन व्हती घरात, ती काल गावाला गेली. आज रोजच्यासारकं दार वढलं आन निगालो. आता आलो, दार वाजवलं." मामांनी दाराकडं पाहिलं. "आन उभा ऱ्हायलो. लई वेळ उभा ऱ्हायलो. मंग ध्यानात आलं."

 मला त्यांचा रागच आला. पेटी बुडाखाली आहे, शहरातली दारं उघडणारा माणूस, आणि उन्हात बसून राहिलाय! "अहो, मग उघडायचं ना! तुमचंच घर आहे, इथं कोण विचारणार आहे तुम्हाला?"

"कोन इचारनार नाय, म्हनून तर तुमाला बोलावलं," मामा म्हणाले. "आन साक्षीबिगर म्या कुनाचं दार उघडत नसतो."

मी थर्मास ठेवला. मान वर करून, सगळ्या गल्लीला ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं सांगितलं, "हे काशिनाथ म्हस्के. हे घर यांचंच आहे. मी यांना ओळखते." समोरचा पोरगा खिडकीतून बघायला लागला. मी त्यालाही सांगितलं, "नीट बघून ठेव. परत विचारू नकोस."

मामांनी थर्मासच्या झाकणातून चहा घेतला. फुर्र केलं. मग माझ्याकडं बघत बसले. माझ्या लक्षात आलं, मी परीक्षा घ्यायची होती.

"डाव्या हाताला काय आहे, मामा?"

"देवळी. देवळीत आरसा. आरशाला तिच्या टिकल्या." चटकन सांगितलं त्यांनी, माझ्यासारखे अडखळले नाहीत.

"पटलं. उघडा आता."

"शेवटचा सवाल ऱ्हायला."

"राहू द्या हो तो."

"नाय, ताई. इचारा."

 ते तार हातात धरून उभेच. शेवटी विचारलं, "आत कुणी आहे का?"

मामांनी दाराला कान लावला नाही, टकटकही केली नाही. दाराकडं बघत म्हणाले, "नाय." आणि तार आत घातली.

खटकन आवाज झाला. मामांनी दार दोन बोटं उघडलं आणि सवयीनं पाठ करून गल्लीकडं तोंड करून उभे राहिले. स्वतःच्याच घराकडं पाठ. मी म्हटलं, "मामा, चला ना." ते हलले नाहीत. "तुमी व्हा फुडं," म्हणाले. 

मग मी आत गेले. डावीकडं देवळीत आरसा होता आणि आरशाच्या कडेनं लाल टिकल्या. मी डोळे पुसले, दार आतून पूर्ण उघडलं आणि उंबऱ्याशी उभी राहून म्हटलं, "या, मामा."

मामा वळले. चपला काढल्या, एकाला एक लावून ठेवल्या, कानटोपी हातात घेतली.

"आलो गं," देवळीतल्या आरशाकडं बघत म्हणाले.

मी बाजूला झाले आणि दोन कप शोधायला स्वयंपाकघरात गेले.