सात नंबरवाल्याचा पिच्चर

मुकुंदवाडीतल्या त्या चाळीत मल्हारीला तीन वर्षं झाली, तरी त्याचं नाव कोणाला ठाऊक नव्हतं. अजिंठ्याकडची मेंढरं सोडून चिकलठाण्याच्या कंपनीत लागलेला माणूस. शिफ्टला जायचा, यायचा, कुलूप काढायचा. ‘सात नंबरवाला’, झालं! मेंढरं निदान ओरडायची तरी. रविवार आला की त्याला अक्षरशः रडू यायचं.

म्हणून एका रविवारी दुपारी त्यानं सगळ्या चाळीला खोलीत पिच्चर बघायला बोलावलं. पिच्चर शहागंजच्या व्हिडिओवाल्या कय्युमनं काढलेला. गोष्ट वगैरे काही नाही. कोणी शेणात पडतो, कोणाचं धोतर सुटतं, अशी पाच-सहा सोंगं. पडणारा दरवेळी मल्हारीच. आता तरी लोक ओळखतील! व्हीसीआर देताना कय्युम म्हणाला होता, “नयी कॅसेट किधर से लाऊं, मल्हारीभाई? शादी की पुरानी कॅसेट पे-इच उतार दिया.”

पिच्चर सुरू झाला. नुसत्या रेघा, आणि माणसं पिठात लोळल्यागत.

“यात तुम्ही कोणते?” शेजारच्या गोजरबाईंनी विचारलं.

“तो पडला ना, तो.”

“आवो, समदेच पडायलेत की!”

वीस मिनिटांत पिच्चर संपला. लोक चपला शोधू लागले, तोच कॅसेटवरचं खालचं जुनं लग्न वर आलं. अगदी लख्ख! सगळे परत बसले. शालू झाला, अक्षता झाल्या, पंगत बसली. कय्युमची आणि मल्हारीची ओळख झाली ते हेच लग्न. मल्हारी टीव्ही बंद करायला धावला, तर कचरू ड्रायव्हरनं त्याचा हात धरला.

“थांबा की, बुंदी यायलीय!”

“अगं बया, हे तर सात नंबरवाले!” गोजरबाई ओरडल्या.

कोपऱ्यात एकटा मल्हारी, खाली मान घालून, तिसऱ्यांदा बुंदी घेत होता.

“नवरीकडले व्हय तुम्ही?”

“नाय.”

“मंग नवरदेवाकडले?”

“कोणाकडलाच नाय.” “नामांतराच्या बंदला खानावळ बंद होती. दोन दिस उपाशी होतो. वाजंत्री ऐकली, अन् शिरलो.”

खोलीत हसू उसळलं. हसत हसतच लोक घरी गेले. मल्हारी एकटाच वायर गुंडाळत बसला. आता ही खोली सोडायचीच, त्यानं ठरवलं.

तेवढ्यात गोजरबाई परत आल्या. हातात पत्रिका आणि पेन.

“आमच्या पोराचं, सांडूचं लगीन हाय गुरुवारी. नाव सांगा, वर घालते. तसं न बोलावताबी याल तुम्ही, पण मंग कोपऱ्यात बसाल.”