घरबसल्या हजेरी

"बहीण पाच आठवडे खोलीत कोंडून बसलीये आणि तू मोबाइलवर खेळतेस?" बाबांनी घास हातात तसाच धरून विचारलं.

"खेळत नाहीये, शिकतेय," ताई म्हणाली.

आणि ते खरंच होतं. धाकटीनं शाळेला रामराम ठोकल्यापासून समजावणं, रागावणं, आमिष दाखवणं, सगळं करून झालं होतं. आई मावशीच्या बाळंतपणाला गेलेली, त्यामुळे सगळा भार ताईवर. अशात तिला हा खेळ सापडला. खेळातली बहीण शाळेला जात नाही, दार लावून बसते, आणि आपण तिला सांभाळायचं. जेवणाचं ताट दाराशी ठेवलं की विश्वास थोडा वाढतो. "शाळेत का जात नाहीस?" असं विचारलं की धाडकन शून्यावर येतो. बाबांनी एकदा हौसेनं खेळून पाहिला, तर खेळातली बहीण दीड मिनिटात घर सोडून गेली.

बाबा बस आगारात वेळनोंद ठेवत. गाडी किती वाजता सुटली हे ड्रायव्हरपेक्षा त्यांच्या कागदाला जास्त ठाऊक. त्यांनी वसतिगृहाच्या शाळेचा अर्ज भरून टेबलावर ठेवला होता. येत्या सोमवारपर्यंत धाकटी शाळेत गेली नाही, तर रवानगी तिकडे.

"तिथं ती कोमेजून जाईल, बाबा," ताईनं निक्षून सांगितलं. "सोमवारपर्यंत ती माझ्या ताब्यात. तिला कुणी काही विचारायचं नाही. शाळेचा श उच्चारायचा नाही."

"आणि उच्चारला तर?"

"तर मीही माझ्या खोलीचं दार लावून बसेन. मग चहापासून कपड्यांपर्यंत तुमचं तुम्ही बघा."

बाबांनी मुकाट्यानं मान डोलावली.

मंगळवारी ताई घाईघाईत चष्म्याच्या दुकानात कामाला गेली आणि मोबाइल घरीच विसरली. दुपारी बाबा पाळीवरून आले, तेव्हा तो टेबलावर टुणटुणत होता. त्यावर लिहिलं होतं, 'अभिनंदन! तुमची बहीण आज शाळेत गेली!'

खेळातली बहीण आपल्या वेळेनं उठे, झोपे, आणि त्या दिवशी एकदाची शाळेतही गेली होती. पण हा निरोप शाळेनंच धाडला, असं बाबांनी धरलं; त्यांच्या दृष्टीनं लेखी आलं म्हणजे झालं. धाकटीचं दार नेहमीसारखंच बंद होतं. शाळेतून येऊन दमून झोपली असेल, असं त्यांनी ठरवलं. विचारायची तर बंदीच होती. त्यांनी अर्ज खणात टाकला आणि वर्गाच्या बाईंना फोन लावला.

"बाई, तुमचे उपकार कसे फेडू? पोरगी आज वर्गात आली!"

वर्गात बासष्ट मुलं. बाईंना काही केल्या आठवेना. पण आपल्याच वर्गात कोण आलं हे ठाऊक नाही, असं पालकाला सांगायचं कसं?

"हो हो, बघितलं ना! छान शांत बसली होती," बाई म्हणाल्या आणि मस्टरवरची गैरहजेरी खोडून मोकळ्या झाल्या. एकदा खोडल्यावर बुधवारी, गुरुवारी आणि शुक्रवारीही त्यांनी हात आखडता घेतला नाही.

संध्याकाळी ताई घरी आली, तर बाबांनी ओठांवर बोट ठेवलं. "मला सगळं कळलंय. एक शब्द बोलू नकोस. तू जिंकलीस." बाबांना अखेर धीराचं महत्त्व पटलं, या आनंदात ताई त्या रात्री गाढ झोपली.

शुक्रवारी मात्र मुख्याध्यापिकांना उत्साह आला. एवढ्या दिवसांनी परतलेल्या मुलीचं सगळ्या शाळेसमोर कौतुक करायचं त्यांनी ठरवलं. धाकटीचं नाव तीनदा पुकारलं. कुणीच उठलं नाही.

संध्याकाळी बाई धापा टाकत दारात हजर. पाच मिनिटांत सगळं उलगडलं. बाबा लालबुंद झाले आणि त्यांनी खणातून अर्ज काढला. "बास झाले लाड! सोमवारी सकाळी हिला मी स्वतः सोडून येतो."

ताई धाकटीच्या दाराला पाठ लावून उभी राहिली. "आधी मला हलवा. मग तिला."

"अहो, भांडू नका," बाई काकुळतीला आल्या. "सोमवारपासून ती शाळेत आली, तर मधले चार दिवस कुणी बघणार नाही. मस्टर स्वच्छ आहे. चारही दिवस हजर."

ताईच्या पाठीमागचं दार इतक्या जोरात उघडलं, की ती पडता पडता वाचली.

"काय लावलंय म्हणालात?" धाकटीनं विचारलं. पाच आठवड्यांत पहिल्यांदाच तिचा एवढा मोठा आवाज घरात ऐकू येत होता. "हजर?"

"हो गं बाळा..."

"शाळा सोडायच्या आधीच्या महिन्यात मी रोज शेवटच्या बाकावर होते. 'हजर, बाई' म्हणून ओरडत होते. तुम्ही मान खाली घालून तीन दिवस गैरहजेरी लावलीत. भांडले तर वर्गाबाहेर उभं केलंत. आणि घरी झोपले होते तेव्हा छान शांत बसले होते? मग मी शाळेत येऊ कशाला? माझी हजेरी तर घरीच चांगली लागते!"

बाबांचा आवाज एकदम खाली आला. "मला का नाही सांगितलंस?"

"सांगितलं होतं, बाबा. तुम्ही शाळेतून आलेली गैरहजेरीची चिठ्ठी नाकासमोर धरलीत. म्हणालात, बाईंची सही आहे, खोटं कसं असेल?"

बाबांनी हातातल्या अर्जाकडे पाहिलं. त्यावरही सही होती, त्यांची स्वतःची. त्यांनी त्याचे चार तुकडे केले. ताईला रडू आवरेना. पाच आठवडे ती दाराशी ताटं ठेवत होती, आणि आत एवढं साचलं होतं.

"मी सोमवारी येईन," धाकटी बाईंना म्हणाली. "पण आठवडाभर हजेरी मी घेणार. मुख्याध्यापिकांना काय सांगायचं ते तुम्ही सांगा."

बाईंनी मान हलवली. दुसरं करणार काय?

सोमवारी संध्याकाळी ताईनं घरात पाऊल टाकल्या टाकल्या विचारलं, "कसं झालं?"

"बाई सात मिनिटं उशिरा आल्या," धाकटी बूट काढत म्हणाली. "मी मान वर करून त्यांच्याकडे नीट बघितलं. मगच गैरहजेरी लावली."