विहिरीतला लाल पट्टा

मन्सूर सर तुमच्या घरी येणार असतील तर आधी लिंबं लपवा.

आम्ही लपवली नव्हती. नवीन ओटा बसवला तेव्हा बायकोनं मोठ्या हौसेनं सरांना चहाला बोलावलं. सर आले, खुर्चीकडे पाहिलंसुद्धा नाही, थेट स्वयंपाकघरात घुसले. टोपलीतलं लिंबू उचललं, चिरलं आणि पांढऱ्याशुभ्र ओट्यावर पिळलं. मग खाली वाकून कान लावला. बारीक फस्स असा आवाज आला.

"अभिनंदन, वहिनी! अस्सल संगमरवर. दुकानदारानं फसवलं नाही तुम्हाला."

लिंबू पडलं तिथली चकाकी गेली ती गेलीच. बायको धुळ्यात तीस वर्षं राहतेय, शुद्ध बोलते, पण त्या दिवशी तिची माहेरची भाषा बाहेर पडली. "मना ओटाना बठ्ठा सत्यानाश करी टाका तुम्हीन!" सर म्हणाले, "सत्यानाश नाही, परीक्षा. आधी हा चुनखडक होता. जमिनीखाली भाजला, दाबला गेला, तेव्हा संगमरवर झाला. पण वितळला नाही! वितळला असता तर संपलं होतं." आणि शांतपणे चहा प्यायले.

मी कॉलेजात भूगर्भशास्त्राच्या प्रयोगशाळेत परिचर होतो. दगडांवरची धूळ पुसणं हे माझं काम. सर तिथे रूपांतरित खडक शिकवायचे, म्हणजे न वितळता उष्णतेनं आणि दाबानं पालटलेले दगड. आता गंमत बघा, धुळ्यापासून शिरपूरपर्यंत आणि इकडे जळगावपर्यंत जिथे खणाल तिथे एकच काळा पाषाण. लाव्हा आला, थिजला, विषय संपला. रूपांतरित दगड औषधालाही नाही. माणसानं अशा गावात हाच विषय का धरावा? पण सर जिद्दीचे. मुलांना दाखवायला दगड नाहीत म्हणून ते मुलांना बाजारात न्यायचे. एकदा एका बँकेत सगळा वर्ग भिंगं घेऊन फरशीवर ओणवा झाला, तेव्हा दारावरचा बंदूकवाला धावत आला. सरांनी त्यालाही ओणवं केलं. "बघा, काका, हे पट्टे बघा. याला हे लोक ग्रॅनाईट म्हणतात. हा नीस आहे, नीस, भाजून पालटलेला! विचारा त्याला, आधी कोण होता?"

"आधी कोण होता?" हा त्यांचा ठेवणीतला प्रश्न. दुकानाच्या पायरीला विचारायचे, माझ्या लहानपणच्या पाटीला विचारायचे. "गाळ होता, भास्कर. तू गाळावर बाराखडी शिकलास." नव्या प्राचार्यांकडे बघूनही त्यांनी हेच विचारलं, आणि दोन वर्षांत विभाग बंद झाला. तसा तो बंद होणारच होता. शेवटी तीन विद्यार्थी उरले होते आणि त्यातला एक पंख्याखाली बसायला यायचा. दगड भंगारात काढले. भंगारवाल्यानंही नेले नाहीत. मग सरांनी ते चार फेऱ्या करून रिक्षानं घरी नेले. निरोपाच्या भाषणात एकजण म्हणाला, "दगडासारखाच माणूसही दबावानं घडतो." सर व्यासपीठावरून ओरडले, "दगडाला दगड राहू द्या हो! त्याच्यावर सुविचार लिहू नका!"

सरांच्या घरी त्यांच्या पत्नी, शाहीनभाभी होत्या. भाभी जळगावपलीकडच्या पहूरच्या. मोजकं बोलणाऱ्या. घरभर दगड, पलंगाखाली दगड, पिठाच्या डब्यामागे दगड. बाईंनी कधी तक्रार केली नाही, आणि कधी कुठल्या दगडाबद्दल एक प्रश्नही विचारला नाही. मला वाटायचं, कंटाळल्या असतील बिचाऱ्या.

चार वर्षांपूर्वी भाभी गेल्या. तीन महिने आजार, आणि एके दुपारी संपलं. मी कबरस्तानात गेलो होतो. सर रडले नाहीत. मातीत काही शोधत असल्यासारखे खाली बघत उभे होते.

पुढे गावात बोलणं सुरू झालं. दगडांचा एवढा प्रोफेसर, दुसऱ्यांच्या कबरींच्या संगमरवरावरही लिंबू पिळून बघणारा, आणि बायकोच्या डोक्याशी साधा धोंडा नाही! खरं सांगतो, मीही त्यात होतो. एका दिवाळीत मी स्वतः जाऊन पाहिलं. कबरीच्या उशाशी नुसता लाल चिखल वाळलेला. माझं डोकं फिरलं. सरळ त्यांच्या घरी गेलो आणि म्हणालो, "सर, शंभर दगड घरात घेऊन बसलात, एक त्या माउलीला द्यायला जिवावर येतं?"

सर म्हणाले, "दगड होता, भास्कर. पावसात गेला."

मी मनात म्हटलं, गेली कामातून यांची बुद्धी.

या मे महिन्यात सकाळीच सर दारात. हातात हातोडी, काखेत रिकामं पोतं. भाभींच्या भावाचा पहूरहून फोन आला होता. वडिलांची जुनी विहीर बुजवताहेत, प्लॉट पाडायचेत, जेसीबी आलाय. "चल," म्हणाले. "माझे गुडघे," मी म्हटलं. "गुडघे घेऊन चल," म्हणाले.

धुळ्याहून जळगाव, जळगावहून पहूर. एसटीची खिडकी तापून लाल झालेली. जळगाव सोडल्यावर सर बोलायला लागले, माझ्याकडे न बघता.

लग्नानंतर दुसऱ्याच वर्षी ती विहीर खोल करायला घेतली होती. खाली काळ्या पाषाणाच्या दोन थरांमध्ये हातभर लाल पट्टा लागला. भाभींनी त्यातला एक तुकडा रुमालात बांधून आणला. सरांची सगळी सासुरवाडी जेवायला बसलेली. त्यांनी तो नवऱ्यापुढे ठेवला आणि म्हणाल्या, "देखो तो, ये मिट्टी भुनी हुई है."

"आणि मी काय म्हणालो माहीत आहे?" सर म्हणाले. "तिच्या भावांच्या समोर. म्हणालो, चुलीपुढे बसणाऱ्या बाईला सगळं भाजलेलंच दिसणार. सगळे हसले. तीही हसली. पण त्यानंतर तिनं मला दगडाविषयी एक शब्द विचारला नाही. बावीस वर्षं."

तो तुकडा भाभींनी टाकला नाही. धुळ्याला आणला आणि स्वयंपाकघराच्या खिडकीत ठेवला. तिथेच राहिला. बँकेच्या फरशीवर रांगणाऱ्या या माणसानं आपल्या खिडकीतला दगड बावीस वर्षांत एकदाही हातात घेतला नाही. भाभी गेल्यावर चाळीस दिवसांनी खिडकी पुसताना घेतला, भिंगाखाली धरला.

"वरची कड विटेसारखी टणक, भास्कर. खालची नुसती माती. वरून लाव्हा आला आणि जमिनीचा वरचा भाग भाजून निघाला. वितळला नाही. आयुष्यभर मी पोरांना सांगत फिरलो की आपल्याकडे असलं काही नाही. तिला ते नुसत्या डोळ्यांनी दिसलं होतं."

मी पाण्याची बाटली उघडून त्यांच्या हातात दिली.

खिडकीतला तो तुकडा सरांनी भाभींच्या उशाशी ठेवला. मऊच तो, दिवाळीपर्यंत त्याचा चिखल झाला. मग दर उन्हाळ्यात विहीर कोरडी पडली की सर पहूरला येऊन एक तुकडा काढायचे आणि कबरीवर ठेवायचे. पुन्हा पाऊस, पुन्हा चिखल. लोकांना दिसायचा तो चिखलच. मलाही तोच दिसला होता.

आम्ही पोचलो तेव्हा जेसीबी धडधडत होता, काठाला मातीचा ढीग लागलेला. भाभींचा भाऊ आडवा आला. "दुल्हेभाई, मत उतरो, गिर जाओगे!" सरांनी चपला काढल्या, माझ्या हातात दिल्या आणि भिंतीतून पुढे आलेल्या दगडांवर पाय ठेवत उतरायला लागले. वय चौसष्ट. मी वरून शिव्या घालत होतो, हो, सरांना, पहिल्यांदाच. खालून हातोडीचे ठोके येत होते. जेसीबीवाला हॉर्न वाजवत होता. भाऊ त्याच्यासमोर हात पसरून उभा राहिला. "पाच मिनट, भाई. बहन का काम है."

दोरानं पोतं वर ओढलं. मागून सर आले, केसांपासून पायांपर्यंत लाल. मग जेसीबीनं पहिला बोजा विहिरीत टाकला. सर तोपर्यंत थांबले, आणि मग चपला घातल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी धुळ्याच्या कबरस्तानात त्यांनी एक तुकडा उशाशी ठेवला, टणक कड वर करून. मी म्हटलं, "सर, घरी तो क्वार्टझाइट आहे ना तुमचा. हजार वर्षं हलणार नाही. तो लावा की."

"ते सगळे माझे दगड," सर म्हणाले. "हा एकच तिचा."

मग खाली बसले, मातीवर हात ठेवला आणि विद्यार्थ्यासारखं हळू म्हणाले, "भुनी हुई है, शाहीन. भुनी हुई है." आणि इतक्या वर्षांनी मी त्यांना रडताना पाहिलं.

निघताना पोतं त्यांनी माझ्याकडे दिलं. म्हणाले, "माझ्या घरात ओल आहे, तुझ्याकडे ठेव. सोळा आहेत. वर्षाला एक. माझ्यानंतर उरले तर तू लावत जा. आणि लावताना तिला सांग."

"काय सांगू, सर?"

"तिचं बरोबर होतं, एवढंच."

पोतं आमच्या ओट्याखाली आहे, कोरड्या जागेत. बायकोनं सगळं ऐकून घेतलं. सरांच्या धास्तीनं तिथे लपवलेली लिंबांची टोपली उचलून तिनं वर ओट्यावर ठेवली, त्या डागाशेजारी.