मनिषाच्या पावाचं विरजण

शहाण्णव साली सणसरच्या मनिषाने डेअरीवर सगळ्या बायकांसमोर सांगून टाकलं, की येत्या रविवारी ती तात्यांच्या तोंडून कौतुक वदवणार. तिचे सासरे दत्तोबातात्या पानात पडेल ते मुकाट जेवत आणि उठत. लग्नाला तीन वर्षं झाली, पण पुरणपोळीलाही त्यांनी कधी मान डोलावली नव्हती. मनिषाला ते फार लागायचं.

बारामतीच्या मैत्रिणीने तिला बरणीभर आंबवण दिलं होतं. त्यात दहा दिवस मैदा, दूध, साखर घालायची आणि मग दालचिनी टाकून गोड पाव भाजायचा. आहेरातला गोल ओव्हनही माळ्यावरून उतरला.

दहाव्या दिवशी बरणी उघडली, तर तळाला दोन चमचे!

"शेजारची फुलाबाई मागाय आली व्हती," सासूबाई, म्हणजे कुशाबाई, शांतपणे म्हणाल्या. "दिलं वाटीभर."

"आत्या, पावाचं होतं ते!"

"मग पावाचं विरजणच की. दुभत्या घरानं विरजणाला न्हाय म्हणू ने."

मनिषाने उरलेल्यावर पुन्हा दहा दिवस मैदा, दूध, साखर घातली. पण डेअरीवर तिने पावाचं वर्णनच असं केलं होतं, की आळीतल्या बायका वाट्या घेऊन येतच राहिल्या. तिने बरणी गव्हाच्या कणगीमागे लपवली. कुशाबाईंनी ती वासावरून शोधली आणि शेवटच्या वाटीला बरणी निपटून दिली.

शेवटी मनिषा स्वतःच वाटी घेऊन फुलाबाईकडे गेली. फुलाबाईने वाटी भरून दिली, वर रोज ढवळायचं असतं हेही समजावून सांगितलं. मनिषाने दात-ओठ खात ऐकून घेतलं. या खेपेला बरणी कपाटात गेली आणि कपाटाची किल्ली कमरेला.

दहा दिवसांनी पाव असा फुगला, की ओव्हनचं झाकण उचललं गेलं. वास थेट गोठ्यापर्यंत पोचला. तात्यांनी एक तुकडा खाल्ला. दुसरा खाल्ला. तिसरा हातात घेऊन ते थांबले, आणि मनिषा पदर सावरून पुढे झाली.

"फुलाबाईनं शिकीवलं व्हय तुला?" तात्या म्हणाले. "गेल्या आठवड्यात तिनंबी आणून दिला व्हता. लई चव हाय बग तिच्या हाताला. जात जा अधनंमधनं तिच्याकडं."