भासरे, शेळी आणि मधली फाइल

माझे भासरे, म्हणजे नवऱ्याचे मोठे भाऊ, कॉम्प्युटर सुरू करण्याआधी खाकरतात. घरात शिरताना खाकरायची त्यांची जुनी सवय आहे, लहान भावाच्या बायकोला पदर सावरायला वेळ मिळावा म्हणून. पण कॉम्प्युटरला कुठला पदर? मी एकदा दाराआडून पाहिलं. आधी खाकरले, जरा थांबले, मग बटण दाबलं.

लाखनीच्या अलीकडे आमचं गाव. भासऱ्यांनी लग्न केलं नाही. आधी लाखनीला एका दुकानात कॉम्प्युटर दुरुस्त करायचे, आता घरीच समोरच्या खोलीत करतात. त्यांचं एक वाक्य ठरलेलं आहे, "सामायिक हाये, हात नोको लावू." गावचा हातपंप असो, तलावातून पाणी सोडायचं तुडूम असो, की पंगतीत फिरणारी मिठाची वाटी असो. ती वाटी त्यांच्यापर्यंत आली की तेच म्हणून पुढे सरकवतात आणि अळणी जेवतात.

आमच्यात लहान सून भासऱ्याशी बोलत नाही. समोर येत नाही, नाव घेत नाही. गावात पुष्कळ घरी हे आता सुटलं. आमच्याकडे सुटलं नाही, कारण सोडायचं तरी आधी कोणीतरी बोलायला हवं.

सासूबाई होत्या तोवर अडत नव्हतं. मी स्वयंपाकखोलीतून म्हणायची, "मिरची संपली." भासरे दोन हातांवर बसलेले, त्यांना ऐकू गेलेलं असायचं. तरी सासूबाई सांगायच्या, "बाबू, मिरची सरली म्हणते." ते म्हणायचे, "उद्या आणतो म्हण." सासूबाई माझ्याकडे वळून, "उद्या आणतो म्हणते." आमच्या घरात प्रत्येक गोष्ट दोनदा व्हायची. जेवायला मात्र सासूबाई स्वतःच हाक मारायच्या, "ये बाबू, ताट निवून राहिलं!"

त्या गेल्या आणि घर मुकं झालं. आमचे हे ट्रकवर. घरी येतात तेव्हा दोघांचे निरोप ऐकता ऐकता झोपी जातात. उरली शेळी. मग मी शेळीला सांगू लागले, "शेळे, स्वयंपाक झाला." शेळी उठून आत यायची, भासरे बाहेरच राहायचे. ते शेळीला सांगायचे, "येतो म्हण." ती सांगायची नाही.

शेजारच्या कौसल्याबाई म्हणाल्या, "तुमच्या घरी शेळीच मालकीण हाये का वं?"

एका दुपारी भासरे ओसरीवर शेळीसमोर बसले. मी दाराआड तांदूळ निवडत होते.

"शेळे, आयक. कॉम्प्युटरातले प्रोग्राम लय लाजरे रायते. बाहेरच्यासंगं सीधे बोलतच नाहीत. मधात एक फाइल रायते. प्रोग्राम तिच्या कानात सांगते, ते बाहेर सांगते, तिकडचा जवाब आणून देते. सारे प्रोग्राम मिळून तेच फाइल वापरते. सामायिक! ते गेली का सारे मुके."

शेळी रवंथ करत होती. मला मात्र चटकन समजलं. आमच्या घरची ती फाइल नुकतीच वारली होती.

पुढे त्यांनी दोन जुने कॉम्प्युटर जुळवले. एक समोरच्या खोलीत, एक स्वयंपाकखोलीत तांदळाच्या कोठीवर. मी घरात नसताना येऊन बसवून गेले. मधे छतावरून वायर. बटणांवर मराठी अक्षरांचे कागद चिकटवलेले. इकडे लिहिलं की तिकडे उमटतं, असा प्रोग्राम त्यांनी स्वतः तयार केला होता.

कौसल्याबाईंनी त्यांना विचारलं, "फोन नाही का घरात?"

"फोनवर आवाज येते. आवाज म्हंजे बोलणंच झालं ना."

"मग फोनवर लिहा."

"चुलीजवळची गोष्ट टॉवर फिरून कायले आणाची?"

मी चौथी शिकलेली. एकेक अक्षर शोधून पहिल्यांदा लिहिलं, "जेवन झाल." बाहेर खाकरणं ऐकू आलं आणि भासरे माजघरात वाढून ठेवलेल्या ताटावर जेवायला आले. जेवून गेल्यावर स्क्रीनवर उमटलं, "भाजीत मीठ नाही."

मी थक्क. इतकी वर्षं सासूबाई सांगत आल्या होत्या, "भाजी चांगली झाली म्हणते."

हळूहळू ते जेवणाशिवायचंही लिहू लागले. "तलावावर बगळे आले." "आज दुरुस्तीला कोणी आलं नाही." "शेळी उदास दिसते." मला काय लिहावं सुचायचं नाही. मी लिहायची, "बरं."

मग एक दिवस "जेवन झाल" लिहिलं, पण खाकरणं आलं नाही. ओसरीवर भासरे शेळीसमोर डोकं धरून बसलेले.

"शेळे, घात झाला. साफसफाई करून राहिलो होतो. एकाच नावाच्या दोन फाइली दिसल्या. म्हटलं, एका घरात एका नावाचे दोघं कायले? एक काढून टाकली. ते जुन्या प्रोग्रामची मधातली फाइल होती. आपला प्रोग्राम जुनाच हाये."

जन्मभर 'हात नोको लावू' म्हणणाऱ्या माणसाने नेमका तिथेच हात लावला होता.

ते न जेवता सायकल काढून लाखनीला गेले. फाइल आणली, ती जुळली नाही. दुसऱ्या दिवशी पुन्हा गेले. खरं तर तीच फाइल कोठीवरच्या कॉम्प्युटरातही होती. बसवल्यावर त्यांनीच शेळीला सांगितलं होतं, दोन्हीकडे सारखंच आहे म्हणून. पण ती घ्यायला स्वयंपाकखोलीत यावं लागलं असतं, आणि तिथे मी होते.

ते लाखनीला गेल्यावर मी समोरची खोली झाडायला गेले. कॉम्प्युटर चालूच होता. आमचं जुनं लिहिलेलं स्क्रीनवर तसंच होतं. माझ्या प्रत्येक ओळीआधी एक नाव होतं. मला वाटलं, स्वयंपाकखोली असं लिहिलं असेल. वाकून वाचलं.

माय: जेवन झाल.
माय: मिरची सरली.
माय: बरं.

मी झाडू हातात घेऊन तशीच उभी राहिले.

ते परत आले तेव्हा मी कपड्यांची बादली उचलली आणि शेळीला मोठ्याने सांगितलं, "शेळे, मी तलावावर चालली. यायला उशीर लागेल. स्वयंपाकखोलीत कोणी नाही. कॉम्प्युटर चालू आहे."

धुतलेले कपडे मी पुन्हा धुतले.

घरी आले तर कोठीवरची स्क्रीन उजळलेली होती. तिच्यावर एकच ओळ, "शेळी हुशार आहे."

मी भाजी टाकली. भात उतरवला, ताट वाढलं. मग बटणांपुढे बसले. नेहमीचं लिहायला घेतलं आणि थांबले. मनात दुसरंच आलं होतं, ते लिहायला हात धजेना. मी लहान सून, ते मोठे. शेवटी डोक्यावर पदर घेतला आणि एकेक अक्षर शोधून लिहिलं, "ये बाबू, ताट निवून राहिल."

शेळीने कान टवकारले. मग खाकरणं आलं, पण ते अर्ध्यातच अडकलं.

भासरे आले, खाली बघून जेवले, ताटाला नमस्कार करून गेले.

मागून मी जेवायला बसले. पहिल्याच घासाला कळलं, भाजीत मीठ घालायचंच राहिलं होतं. जीभ चावली. उठून घाबरतच स्क्रीनकडे पाहिलं.

तिथे लिहिलं होतं, "भाजी चांगली झाली."