मांडीचा पुरावा

डाग हळदीचा होता. लांबी सव्वादोन इंच, रुंदी एक इंच; पांढऱ्या लुगड्यावर, नेसल्यावर डावी मांडी येते त्या जागी. पाच वर्षांच्या सिद्धूला मांडीवर घेताना त्याच्या हळद लावलेल्या पायाचा अंगठा तिथे टेकला होता. निजामी अमलात, फसली १३३५ साली, खटकचिंचोळीच्या म्हाळसाबाईंनी, नवरा गुंडाप्पा वारल्यावर, सिद्धूला दत्तक घेतले, याचा तालुक्याच्या अदालतीपुढे एवढाच निर्विवाद पुरावा होता.

बाकीचे पुरावे होते, पण ते माणसांचे होते. मूल देणारे आईबाप पुढच्याच साली पटकीत गेले. समारंभाला हजर असलेल्या अकरा जणांपैकी सहा जणांनी मूल डाव्या मांडीवर बसल्याचे सांगितले, पाच जणांनी उजव्या. अदालतीने सहातून पाच वजा केले. उरलेला एक साक्षीदार अपुरा ठरला.

दावा लावला होता गुंडाप्पाच्या पुतण्याने, नागप्पाने. त्याचे म्हणणे साधे होते. चुलत्याला मूल नाही, चुलतीने घेतलेले मूल कायद्याने मूल नाही, म्हणून चुलतीच्या पश्चात चाळीस एकर काळी जमीन आपली. हिंदू कायद्यात देणे आणि घेणे प्रत्यक्ष घडावे लागते. मूल एका हातातून दुसऱ्या मांडीवर जावे लागते. पुढे त्याला कोणी वाढवले, गोवरात कोणी सांभाळले, याला कायद्यात किंमत नाही. ते काय, कुणीही करते.

फैसला होईपर्यंत सिद्धू कुणाचा, हे कुणालाच सांगता येईना. शाळेच्या पटावर वडिलांच्या नावाच्या जागी मास्तरांनी 'फैसला बाकी' असे लिहिले. रोज 'सिद्धू फैसला बाकी' अशी हाक येई आणि तो 'हजर' म्हणे. पुढे त्याच्या तीन सोयरिकी मोडल्या. तिसऱ्या मुलीचा बाप हळहळून म्हणाला, "पोरगं लई गुणाचं हाय. पण पत्रिकेत कुणाचं म्हून घालावं?"

डागाची प्रकृती मात्र बरीच वर्षे उत्तम होती. मग पुरावे स्वच्छ ठेवावेत असा वरून हुकूम आला आणि कारकुनाने लुगडे साबण लावून धुवून घेतले. पिवळा डाग लाल झाला.

नागप्पाचे वकील उद्धवराव उठले. "खटल्याच्या मिसलीत पिवळा डाग नोंदला आहे, समोर लाल आहे. सबब हा डाग पान खाऊन टाकलेल्या पिंकेचा आहे. पाच वर्षांचे मूल पान खात नाही."

"साबण लागला की हळद लाल व्हती, साहेब," म्हाळसाबाई म्हणाल्या. "लिंबू पिळा, परत पिवळी व्हईल. कामून येवढा घोळ घालायलाव?"

"तुम्ही रसायनशास्त्र शिकलात?" मुन्सिफांनी विचारले.

"न्हाई. लुगडी धुतली."

हे उत्तर विषयाला सोडून असल्याने गाळण्यात आले. अदालतीत त्या वेळी एकोणीस पुरुष हजर होते. त्यांतल्या एकानेही जन्मात कपडा धुतला नसल्याने प्रश्न तज्ज्ञाकडे पाठवावा लागला. उत्तर येईपर्यंत लुगड्याला बुरशी लागू नये म्हणून ते गच्चीवर वाळत घातले. तीन वर्षांनी उत्तर आले: 'लिंबू पिळून पाहावे.' लिंबू आणले. पण हळदीचा रंग उन्हात टिकत नाही. तीन उन्हाळ्यांत ज्यावर पिळावे असे काही उरले नव्हते. लिंबाचा वास तेवढा मिसलीत दाखल झाला.

फसली १३५७ मध्ये सातवे मुन्सिफ आले. ते कामसू होते. त्यांनी ठरवले की जुने देणे-घेणे सिद्ध होत नसेल, तर दोन्ही पक्षांनी ते अदालतीसमोर पुन्हा करून दाखवावे. मेलेल्या बापाच्या जागी एक चपराशी नेमला. सिद्धू तेव्हा सत्तावीस वर्षांचा होता, गाडीचे चाक एकट्याने उचलणारा. म्हाळसाबाई सत्तर वर्षांच्या, गुडघे गेलेल्या. त्यांना पायऱ्या चढवेनात. सिद्धूने त्यांना उचलले.

"हळू, मुडद्या! पाडायलास का मला?"

"बावीस वर्सं पाडलं न्हाई, आज कामून पाडतो? गळ्याला धर, माय."

आत खुर्च्या वकिलांसाठी होत्या. फरशी गार, म्हणून सिद्धू मांडी घालून बसला आणि म्हातारीला त्याने आपल्या मांडीवरच ठेवले. तेवढ्यात मुन्सिफ आत आले. त्यांनी पाहिले, पेशकाराने लिहिले: 'घेणारा, सिद्धू. घेतली गेलेली, म्हाळसाबाई. मांडी, डावी. शंका, नाही.'

"साहेब, आजून सुरू व्हायचंय," सिद्धू म्हणाला. "तिचे गुडघे दुखायलेत म्हून घेतलंय."

"हेतू विचारलेला नाही. कृती पूर्ण झाली."

उद्धवराव आनंदाने उठले. "म्हणजे या मुलाने या बाईंना दत्तक घेतले. पण हिंदू कायद्यात बाईमाणूस दत्तक जाऊ शकत नाही. तेव्हा बावीस वर्षांत सिद्ध झालेले हे एकमेव दत्तकविधान रद्द आहे."

मुन्सिफांना यात खोट सापडली नाही. म्हाळसाबाईंच्या पश्चात जमीन नागप्पाची, असे त्यांनी लिहिले.

"जमीन माझ्या पश्चात. आन् तवर मला कोन बघंल?" मांडीवरून आवाज आला.

मुद्दा खरोखर राहिला होता. मुन्सिफांनी नागप्पाकडे पाहिले.

"माझा दावा जमिनीपुरता हाय, साहेब," नागप्पा नम्रपणे म्हणाला. "काकूवर माझा हक्क न्हाई. कायदा मोडनारा मानूस न्हाई मी."

"हजर असलेल्यांपैकी कुणाचा या बाईंवर दावा आहे?"

गर्दीत आईच्या नावाने पाणपोई बांधलेले दोघे होते, मातृभक्तीवर कीर्तन करणारे एक होते, आणि न्याय कसा होतो ते पाहायला आलेले आपण सगळे होतो. सर्वांना एकदमच आपापल्या वहाणेचा अंगठा नीट करायची आठवण झाली.

मुन्सिफांनी योग्य तेवढा वेळ वाट पाहिली. मग सिद्धूकडे बघून बावीस वर्षे रखडलेला फैसला मोठ्याने सांगितला.

"जमिनीला वारस मिळाला. म्हातारीवर कुणाचाच दावा नाही. सबब ती बिनविरोध तुझी आई."